पानथरी चाचपताना

प्रिय डॉक्टर,

(या हाकेवर तू अजून चटकन वळत नसशील. धानोऱ्याला दोन दिवसांत होईल सवय.)

गडचिरोलीला जाताना काय वाचून जाऊ, असं विचारलंस. वाच काहीही, पण आधी पानथरी चाचपायला शीक. पुस्तकातली प्लीहा. ओपीडीत मात्र 'डाव्या कुशीत गोळा आलाय' असंच ऐकू येईल. तिकडे मलेरिया आणि सिकलसेल (तांबड्या पेशी कोयत्यासारख्या वाकड्या होण्याचा आनुवंशिक आजार) कधीकधी एकाच घरात भेटतात.

इंटर्न असताना माझ्यापुढे एक पांढराफटक पडलेला, तापाने बेजार माणूस आला. मी डाव्या बरगडीखाली बोटं खुपसली, कड लागली नाही, केसपेपरवर 'पोट मऊ' लिहून मोकळा झालो. राउंडला सरांनी माझाच हात धरून उजव्या जांघेच्या वर ठेवला आणि तिरका वर सरकवत नेला. बेंबीच्या अलीकडेच कड लागली! मी आदल्या दिवशी बोटं ठेवली होती ती थेट पानथरीवरच. म्हणून सुरुवात नेहमी उजवीकडून, खालून. गुडघे दुमडायला सांग, हात चोळून गरम कर. पेशंट श्वास आत घेईल तेव्हा बोटं हलवू नकोस, कड आपणहून येऊन टेकते. कडेला खाच लागली तर शंकाच नको. जोर मात्र लावायचा नाही. मलेरियात ताणलेली पानथरी फाटू शकते.

एरवी ती मोठ्या माणसात जेमतेम दीडशे ग्रॅमची, नवव्या ते अकराव्या बरगडीआड दडलेली. हाताला लागली म्हणजे बहुधा दुप्पट तरी झालेली. १२० दिवस राबलेल्या तांबड्या पेशी मोडीत काढायच्या, त्यांतलं लोह परत वापरात आणायचं, रक्तातले जंतू धरायचे, ही तिची कामं. शिवाय जवळजवळ तिसरा हिस्सा प्लेटलेट तिच्या पोटात असतात. ती फुगली की आणखी अडकतात आणि रिपोर्टात आकडा घसरतो.

मलेरिया, टायफॉइड, थॅलेसेमिया यांत तिचं काम वाढतं. लिव्हर कडक झालं की रक्ताची वाट तुंबते, पानथरी फुगते आणि अन्ननलिकेतल्या शिरा फुटू शकतात, म्हणून दारू पिणाऱ्याला रक्ताची उलटी झाली होती का, हे विचारायचंच. बेंबी ओलांडून गेली असेल तर ल्युकेमिया (रक्ताचा कर्करोग) आठव, आणि माणूस बिहारहून मजुरीला आलेला असेल तर काळा आजार, वाळूमाशी चावून होणारा. १८४०च्या दशकात डेम्पस्टर नावाचा सर्जन यमुनेच्या कालव्यांकाठी मुलांच्या पानथऱ्या मोजत फिरला आणि त्यावरून कुठल्या गावात मलेरिया किती ते ठरवू लागला. तेव्हा त्याच्याकडे ना स्लाइड, ना किट.

सिकलसेलमध्ये उलटं घडतं. लहानपणी वाढलेली पानथरी वारंवार रक्त अडून सुकते, मोठेपणी बऱ्याचदा हाताला लागतही नाही. ती निकामी झाली की साधा तापही जिवावर बेततो, तेव्हा न्यूमोकॉकसची (न्यूमोनियाच्या जंतूची) लस चुकवू नकोस. बाळांत भीती वेगळी: काही तासांत शरीरातलं रक्त पानथरीत साठतं आणि पोर पांढरं पडतं. जमैकात आयांनाच पानथरी चाचपायला शिकवलं आणि मृत्यू घटले. तूही शिकव. बाळाच्या पोटावर कडेला बॉलपेनने रेघ मार, आईचं बोट त्यावर ठेव आणि सांग, 'ही रेघेखाली उतरली तर रात्र असली तरी निघ.'

रक्त कुठून मागवायचं आणि गाडीला किती वेळ लागतो, हे पहिल्याच दिवशी सिस्टरांना विचारून ठेव.

तुझा,
सर