आधी चेंडू सोडायला शीक

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

परवा रात्री अकराला तुझ्या आईचा फोन आला. आवाज ऐकून माझ्या पोटात गोळा आला. घडलं होतं एवढंच, की जेवताना तू जाहीर केलंस, 'मला पंटर व्हायचंय.' बिचारीला पंटर म्हणजे एक तर रेसकोर्सवर पैसे लावणारा, नाही तर कुठल्या तरी भाईच्या मागे फिरणारा, एवढंच ठाऊक. पहिली दहा मिनिटं तिची समजूत काढण्यातच गेली. मग म्हणाली, 'तुमचं ऐकतो तो, जरा समजवा.' म्हणून लिहितोय. अर्थात तिला हवं तेच लिहीन असं नाही.

हे पत्र ती तुझ्याआधी वाचणार हे मला माहीत आहे, म्हणून तिच्यासाठी दोन ओळी. वहिनी, या अमेरिकन फुटबॉलमध्ये संघाला दहा यार्ड पुढे सरकायला चार संधी मिळतात. तीन वाया गेल्या की चौथीला बहुतेक वेळा चेंडू लांब मारून प्रतिस्पर्ध्याच्या गळ्यात टाकतात, म्हणजे त्यांना दूरवरून सुरुवात करावी लागते. तो मारणारा पंटर. थोडक्यात, स्वतःच्या संघाचं काही जमलं नाही की ज्याला बोलावतात तो माणूस.

आता तुझा व्हिडिओ. खाली तू लिहिलंस, '५८ यार्ड, काका!' मी तो सहा वेळा पाहिला. पहिल्यांदा खूश झालो. दुसऱ्यांदा घड्याळ लावलं. चेंडू हवेत होता ३.६ सेकंद. लेका, एवढ्या वेळात तुझे गनर, म्हणजे चेंडू झेलणाऱ्याला गाठायला धावणारे आपले गडी, ५८ यार्ड पळणार कसे? ते निम्म्या वाटेत असतानाच समोरच्याने चेंडू झेलला असेल, आणि त्याच्यापुढे मोकळं रान. तुझे ५८ होते, त्याने २५ परत आणले, राहिले ३३. त्यापेक्षा ४५ यार्डाची आणि साडेचार सेकंदांची किक मला दे. झेलणारा मुकाट्याने हात वर करून फेअर कॅच मागेल, म्हणजे त्याला कुणी पाडायचं नाही आणि त्यानेही पळायचं नाही, आणि ४५ चे ४५ आपल्या पदरात पडतील. टाळ्या कोणी वाजवणार नाही, ही तेवढी अडचण आहे. ती तुला सोसते का, हे आधी पाहा.

तू जेफ फीगल्स या पंटरचं नाव ऐकलं नसशील. तुझ्या वयाची पोरं लांब मारणाऱ्यांचे व्हिडिओ बघतात, आणि त्यात हा सापडायचा नाही. १९८८ साली एनएफएल या इथल्या व्यावसायिक लीगच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या निवडीत, कुणीही न निवडलेला हा पोरगा न्यू इंग्लंड पेट्रियट्समध्ये शिरला आणि २००९ चा मोसम संपेपर्यंत खेळत राहिला. दोन वर्षं पेट्रियट्स, चार फिलाडेल्फिया, चार अ‍ॅरिझोना, पाच सिअ‍ॅटल आणि शेवटची सात आपल्या न्यू जर्सीत जायंट्सकडे. बेरीज कर, २२ मोसम. तेव्हा मोसमाला १६ सामने असायचे, आणि तो सलग ३५२ सामने खेळला. म्हणजे २२ गुणिले १६. एकही चुकवला नाही. त्याने १,७१३ पंट मारले, आणि त्यांची सरासरी साडेएकेचाळीस यार्डांच्या आसपास. तू म्हणशील, एवढीच? हो, एवढीच. शेन लेक्लर १८ मोसम खेळला आणि त्याची सरासरी ४७.६ होती, म्हणजे लांबीवरही घर चालतं, खोटं कशाला बोलू. पण लेक्लरसारखा पाय देवाने दिलेला असावा लागतो. फीगल्स जे करायचा ते शिकता येतं, म्हणून तुला त्याच्याबद्दल सांगतोय.

तो चेंडू कडेला मारायचा. मैदान रुंदीला जेमतेम ५३ यार्ड, आणि त्यातलीही साइडलाइनजवळची चिंचोळी पट्टी तो स्वतःची समजायचा. चेंडू गोलरेषेच्या अलीकडे, कोपऱ्यातून बाहेर. त्या कोपऱ्याला इथे कॉफिन कॉर्नर म्हणतात, शवपेटीचा कोपरा. तिथून चेंडू बाहेर गेला की झेलणारा कितीही चपळ असो, तो नुसता बघत राहतो. जुन्या जायंट्स स्टेडियममधला वारा तर कुठून कुठे वळेल याचा नेम नसायचा. मी थंडीत कुडकुडत वरच्या स्टँडमध्ये बसलेला असायचो. हा माणूस पंटला आला की आम्ही मित्र थर्मासमधला चहा ओतून घ्यायचो. सात वर्षं आम्ही त्याच्या किकच्या वेळी चहा प्यायलो, आणि त्याची किंमत आम्हाला एका डिसेंबरात कळली.

१९ डिसेंबर २०१०. तू तेव्हा कोल्हापुरात अंगणात रांगत असशील. फीगल्स त्याच वर्षी निवृत्त झाला होता आणि त्याच्या जागी मॅट डॉज नावाचा नवा पोरगा आला होता. एडिसनमध्ये एका मित्राच्या बेसमेंटमध्ये आम्ही जमलो होतो, मिसळीचा बेत होता. फिलाडेल्फियाच्या ईगल्सविरुद्ध जायंट्स ३१-१० ने पुढे, आठेक मिनिटं उरलेली. एकदोघांनी तर कोट चढवले होते. मग काय झालं ते देव जाणे, ३१-३१. शेवटचे १४ सेकंद, आणि पंट. समोर उभा डिशॉन जॅक्सन, त्या काळातला सर्वांत घातक रिटर्नर, म्हणजे पंट झेलून उलटा पळत येणारा. प्रशिक्षक टॉम कॉफ्लिनने सांगितलं होतं, चेंडू बाहेर मार. स्नॅप, म्हणजे पंटरकडे मागे फेकलेला चेंडू, उंच आला, डॉजने ताणून धरला, आणि किक गेली सरळ जॅक्सनकडे. त्याच्या हातून चेंडू सुटला, त्याने तो उचलला आणि ६५ यार्ड पळत टचडाउन, म्हणजे चेंडू थेट आमच्या गोलरेषेपार. शेवटी तर घड्याळ संपावं म्हणून तो गोलरेषेला समांतर धावत होता! ३८-३१. कॉफ्लिन भर मैदानात जाऊन त्या पोरावर ओरडला. सगळ्या देशाने पाहिलं ते. पुढच्या मोसमाआधी जायंट्सनी डॉजला सोडलं.

त्या दिवशी मीही त्याला शिव्या घातल्या. एवढं साधं काम, चेंडू बाहेर मारायचा! नंतर गाडी चालवताना मनात आलं, साधं हे कुणी ठरवलं? वर आलेला स्नॅप, अंगावर धावून येणारी धिप्पाड माणसं, हातात सव्वा सेकंद, आणि चेंडू मधोमध नाही तर कडेला टाकायचा. तो दुसरा माणूस सात वर्षं हे आमच्यासमोर करत होता आणि आम्ही चहा पीत होतो.

यात माझंही एक पाप आहे, ते सांगतो. काही वर्षांपूर्वी मी ज्या पोरांना शिकवत होतो, त्यात एकाचा पाय तुझ्यासारखाच दांडगा होता. त्याच्या लांबीची बढाई मीच चार ठिकाणी मारायचो. एका पावसाळी सामन्यात मी त्याला म्हणालो, 'जोरात मार, पूर्ण ताकद लाव.' ओल्या चेंडूवर ताकद लावायची नसते हे मला कळत होतं, तरी बोललो, कारण स्टँडमध्ये कॉलेजचा एक माणूस बघायला आला होता. किक लांब गेली, सपाट गेली आणि परतही आली, टचडाउन होऊन. त्याच्या प्रशिक्षकांनी पुढचे सामने दुसऱ्याला दिले. पोरगा मला काही बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं.

अशी फजिती तुझीही होणार, हे आत्ताच लिहून ठेव. शॉन लँडेटाची झाली तशी शत्रूचीही न होवो. ५ जानेवारी १९८६, शिकागोचं सोल्जर फील्ड, प्लेऑफचा म्हणजे बाद फेरीचा सामना, तळ्यावरून येणारा वारा. जायंट्सचा हा नवा पंटर स्वतःच्या गोलरेषेजवळ उभा. त्याने हातातून चेंडू सोडला, वाऱ्याने तो हलवला आणि पाय जवळजवळ हवेतच फिरला. चेंडू बाजूला टप्पे खात पडला. शिकागोच्या शॉन गेलने उचलला आणि पाच यार्ड चालत गेल्यासारखा जाऊन टचडाउन केला. सामना २१-० असा गेला. हा प्रसंग आजही दाखवतात आणि लोक हसतात. पण लोकांना हे माहीत नसतं, की पुढच्याच मोसमात लँडेटा सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, जिंकलेल्या संघात होता, आणि २००५ पर्यंत तो एनएफएलमध्ये खेळत राहिला. त्या एका दिवसानंतर जवळजवळ वीस वर्षं. त्याने काय केलं असेल? मला वाटतं, दुसऱ्या दिवशी उठून पुन्हा चेंडू सोडण्याचा सराव केला असेल. दुसरं करण्यासारखं या धंद्यात काही नसतंच.

आणि तुझंही दुखणं नेमकं तेच आहे: पाय नव्हे, हात. तू शाहू स्टेडियमवर गोलकीपर होतास. तिथे चेंडू जरा वर उडवून हाणायची सवय लागते, आणि ती चालून जाते, कारण गोल चेंडूला तोंड नसतं. कुठूनही मारा, तो तोच. या लांबट चेंडूला दोन टोकं आहेत, आणि सोडताना टोक बोटभर जरी वळलं तरी किकचा सत्यानाश. व्हिडिओत तू तो उडवतोस. उडवायचा नाही. ट्रेवरून कप खाली ठेवावा तसा हात खालून काढून घ्यायचा. टोक किंचित खाली, किंचित आत, आणि ज्या कोनात तो हातात होता त्याच कोनात पायावर आला पाहिजे. बाहेरून आलेल्या पोरांना हे जमत नाही असं मात्र समजू नकोस. डॅरेन बेनेट ऑस्ट्रेलियात तिथला फुटबॉल खेळायचा, तिशीच्या उंबरठ्यावर इथे आला आणि १९९५ पासून सॅन दिएगोचा पंटर झाला. त्यानेच ती उलटी फिरकी इथे रुजवली, ज्यात चेंडू टप्पा पडला की पुढे गोलरेषेपलीकडच्या एंड झोनमध्ये घरंगळत जाण्याऐवजी थबकतो, कधी मागेही येतो. आज मेलबर्नहून पोरं इथल्या कॉलेजांत पंटर म्हणून येतात, त्यामागे त्याचा मोठा वाटा. त्यांच्याकडे लहानपणापासूनचा लांबट चेंडूचा हात होता. तो तुझ्याकडे नाही, तुला कमवावा लागेल.

जोरात किक आठवड्यातून तीनच दिवस, आणि एका दिवशी चाळिसाच्या वर नाही. मांडीचा मागचा स्नायू एकदा फाटला की मोसम संपतो. तू रोज शंभर मारतोस हे तुझ्या आईनेच मला सांगितलं, आणि तेही कौतुकाने.

आणखी एक गोष्ट तू अजून मनावर घेतलेली नाहीस. पंटर बहुतेक ठिकाणी होल्डरही असतो. फील्ड गोलच्या वेळी, म्हणजे गुणांसाठी चेंडू खांबांमधून मारताना, गुडघा टेकून स्नॅप पकडायचा, चेंडू टेकवायचा, शिवण पुढे फिरवायची आणि बोट ठेवायचं. २० जानेवारी २००८ ला ग्रीन बेमध्ये उणे १८ अंश सेल्सियस होतं. जायंट्सच्या लॉरेन्स टाइन्सने दोन फील्ड गोल चुकवले होते, त्यातला एक अगदी शेवटी, जिंकायच्या क्षणी. जादा वेळेत तो पुन्हा आला, ४७ यार्डांवरून, आणि मारला. संघ सुपर बोलला गेला. सगळे फोटो टाइन्सचे. त्या गोठलेल्या चेंडूवर बोट कुणाचं होतं? ४१ वर्षांच्या फीगल्सचं. दोन आठवड्यांनी अ‍ॅरिझोनात त्याने २०व्या मोसमात विजेतेपदाची पहिली अंगठी मिळवली, आणि हरवलं कुणाला, तर तोपर्यंत अजिंक्य असलेल्या पेट्रियट्सना. त्याला पहिली नोकरी देणाऱ्या संघाला! असले योग कुंडलीतच असावे लागतात.

माणूस व्यवहारालाही पक्का. २००४ मध्ये संघात इलाय मॅनिंग आला आणि त्याला फीगल्सच्या जर्सीचा १० नंबर हवा होता. याने दिला, बदल्यात कुटुंबासाठी फ्लोरिडाची सहल. पुढच्या वर्षी संघातल्याच प्लॅक्सिको बरेसला याचा नवा १७ नंबर हवा झाला, तोही दिला. या वेळी ठरलं घराबाहेर एक स्वयंपाकघर बांधून द्यायचं. हे मी तुझ्या आईला सांगितलं तेव्हा ती पहिल्यांदा हसली.

तिचा खरा प्रश्न पैशाचा आणि भवितव्याचा आहे, आणि तो चुकीचा नाही. एनएफएलमध्ये संघ ३२ आणि प्रत्येकाकडे पंटर बहुधा एकच. म्हणजे अख्ख्या देशात ३२ खुर्च्या, आणि त्यातल्या काहींवर माणसं पंधरा-पंधरा वर्षं बसून असतात. तेव्हा इंजिनिअरिंगचं बघ, निदान गणित सोडू नकोस. कॉलेजची फी पंटने निघाली तरी मी म्हणेन पोरगा जिंकला. फीगल्ससारखी पाच गावं फिरायची तयारी ठेवायची वेळ आलीच, तर तेव्हा बघू. आणि तुमच्या संघातला लाँग स्नॅपर कोण आहे? त्याला घरी जेवायला बोलाव. पंधरा यार्डांवरून तुझ्या हातात चेंडू टाकणारा तो एकटाच आहे, आणि मी खात्रीने सांगतो, त्याला आजवर कुणी जेवायला बोलावलेलं नाही. आईला सांग, तिखट जरा कमी.

शनिवारी सकाळी सातला शाळेमागच्या मैदानावर ये. चेंडू एकच आण. किकचे बूट घरीच ठेव, त्यांचं काम नाही. पांढऱ्या रेषेवर उभं राहून तू नुसता चेंडू सोडायचास, मी मोजीन. थर्मास मी आणतो.

तुझा
काका