परदेशी माणसाची वकिली, ठाण्यात बसून

प्रश्न : मॅडम, मी कळव्याला राहते आणि पाच वर्षांच्या लॉच्या चौथ्या वर्षाला आहे. अमेरिकेत इमिग्रेशन कायदा शिकवणाऱ्या आणि स्थलांतरितांच्या हक्कांसाठी कोर्टात उभ्या राहणाऱ्या एका प्राध्यापिकेचं भाषण ऐकलं, तेव्हापासून मलाही तेच करायचंय. पप्पा म्हणतात, सनद घे, फ्लॅटचे करारनामे कर, घर चालेल. तिथे जाऊन एलएल.एम. ही कायद्यातली पदव्युत्तर पदवी घेतली तर असं करिअर होतं का?
— एक विद्यार्थिनी, कळवा

उत्तर : नुसत्या एलएल.एम.ने होत नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पप्पाही पुढचं शांतपणे वाचतील.

तिथली वकिलीची मूळ पदवी म्हणजे तीन वर्षांची जे.डी. प्राध्यापक होणारे बहुतेक त्याच वाटेने येतात, वर काही वर्षांची प्रॅक्टिस आणि छापून आलेले लेख. आपली पदवी घेऊन गेलेल्यांना एक वर्षाचं एलएल.एम. करून न्यूयॉर्कसारख्या राज्यात बारची, म्हणजे तिथल्या सनदेची, परीक्षा देता येते. इमिग्रेशन हा तिथे केंद्राचा कायदा, त्यामुळे एका राज्याची सनद त्या कामाला देशभर चालते. एवढं तुझ्या पथ्यावर पडेल. पुढे मात्र तूच स्थलांतरित! शिक्षणानंतर कामाला साधारण १२ महिने, मग एच-वन-बी या नोकरीच्या व्हिसाची लॉटरी, कारण ते दरवर्षी ठरावीकच निघतात. विद्यापीठांना त्या वार्षिक कोट्यातून सूट आहे, पण त्यासाठी आधी विद्यापीठाने नोकरी द्यायला हवी.

अशा प्राध्यापकांचं मोठं काम लॉ स्कूलच्या क्लिनिकमध्ये चालतं. तिथे विद्यार्थी त्यांच्या देखरेखीखाली खऱ्या अशिलांच्या केसेस लढवतात. गरजही तशीच आहे. देशाबाहेर काढण्याची कारवाई तिथे दिवाणी समजली जाते, म्हणून सरकारी खर्चाने वकील मिळण्याचा हक्क नाही. समोर सरकारचा वकील, आणि इमिग्रेशन जज न्याय खात्याच्याच नोकरीत. अशा वेळी तिसऱ्या वर्षाची पोरगी फाइल घेऊन शेजारी उभी राहिली, तरी त्या माणसाला केवढा आधार!

आपल्याकडे घोडं अडतं ते इथे. पूर्णवेळ पगारी प्राध्यापकाला प्रॅक्टिस करता येत नाही. वकिलाला मात्र बार कौन्सिलच्या १९७९च्या नियमांप्रमाणे दिवसाला तीन तासांपर्यंत शिकवता येतं. मी त्याच नियमावर जगते. सकाळी वर्ग, अकरानंतर कोर्टनाका.

नागरी हक्क म्हटलं की तुम्हा मुलांना मोर्चे दिसतात. माझ्या टेबलावर येतो जन्मदाखला. दिव्याच्या एका मावशींची मुलगी न्यू जर्सीत. तिने आईसाठी ग्रीन कार्डाचा अर्ज केला. मावशींचा जन्म रत्नागिरीकडच्या खेड्यातला, ग्रामपंचायतीत नोंदच नाही. शाळेच्या दाखल्यावर माहेरचं नाव आणि जन्मतारीख १ जून. (गुरुजींनी निम्म्या महाराष्ट्राला १ जूनला जन्माला घातलंय.) पासपोर्टात आडनाव ‘व्ही’ने, आधारावर ‘डब्ल्यू’ने. आता नोंद उपलब्ध नसल्याचा दाखला आणायचा, जन्म माहीत असलेल्या दोघांची प्रतिज्ञापत्रं करायची. थोरले भाऊ शपथेवर सांगायला बसले, “ती झाली तेव्हा भातकापणी चालली होती.” म्हटलं, दादा, भातकापणी जूनमध्ये कुठे असते? जून तर पेरणीचा. शेवटी प्रतिज्ञापत्रात खरं तेच लिहिलं, आणि शाळेतली तारीख कशी पडली तेही. इमिग्रेशन कायदा शिकायचा तर अशा फायली हाताखालून जाऊ देत. आणि त्या बघायला विमानात बसावं लागत नाही.

मुंब्रा-कौशातून आखाती देशांत जाणारी पोरं हे दुसरं मोठं काम. १९८३च्या उत्प्रवास कायद्याखाली भरती करणाऱ्या एजंटाची नोंदणी सक्तीची आहे. सेवाशुल्क जास्तीत जास्त ३०,००० रुपये, वर जीएसटी. प्रत्यक्षात लाखाच्या गोष्टी चालतात आणि पासपोर्ट एजंटाच्या ड्रॉवरमध्ये. पासपोर्ट ही कायद्याने केंद्र सरकारची मालमत्ता. ‘पैसे दे, मग देतो’ म्हणायला तो एजंट कोण? एक खणखणीत नोटीस पुष्कळदा पुरते.

अभ्यासाला दोन निकाल शेजारी ठेवून वाच. अमेरिकेतला १९८२चा प्लायलर विरुद्ध डो : कागदपत्रं नसलेल्या मुलांनाही सरकारी शाळेत घ्यावंच लागेल, पाच विरुद्ध चार मतांनी. आणि आपल्या सर्वोच्च न्यायालयाचा १९९६चा, अरुणाचलमधल्या चकमा निर्वासितांचा : माणूस नागरिक असो वा नसो, त्याच्या जिवाचं रक्षण राज्याने करायचं. आपण १९५१च्या निर्वासित करारावर सही केलेली नाही, म्हणून इथे सगळा भार घटनेच्या कलम १४ (समानता) आणि २१ (जीवित व स्वातंत्र्य) वर पडतो. शिवाय परदेशी नागरिकांचा १९४६चा कायदा गेला, २०२५चा नवा आला. त्यावर मराठीत नीट लिहिणारं कुणीतरी हवंच आहे, तू का नाही?

कर्ज काढून एलएल.एम.ला जायचंच असेल तर सनद घेऊन दोन-तीन वर्षं इथे काम करून जा. क्लिनिक चांगलं असलेलंच लॉ स्कूल निवड, रँकिंग दुय्यम.

राहिले पप्पांचे करारनामे. खुशाल कर. घोडबंदर रोडवरचा फ्लॅट कुणी परदेशी माणसाला भाड्याने दिला, तर त्याची माहिती २४ तासांत ऑनलाइन कळवायची असते, हे निम्म्या घरमालकांच्या गावीही नसतं. त्या कामाची फी वेगळी लाव.