कथेतल्या जादुई बेटांची साखळी खरी वाटावी म्हणून नकाशा कसा आखावा?

आधी बेटांची वयं ठरवा, जादू नंतर. हवाईसारखी साखळी पृथ्वीच्या पोटातल्या एकाच तप्त जागेवरून भूपट्ट (पृथ्वीच्या कवचाचा प्रचंड तुकडा) सरकत गेल्याने बनते. एका टोकाला उंच, धुमसतं तरुण बेट. पुढची क्रमाने जुनी, झिजलेली, बुटकी. शेवटी नुसती कंकणद्वीपं, म्हणजे मधोमध उथळ पाणी असलेली प्रवाळाची कडी. जादूचा उगम त्या तप्त जागेत ठेवलात तर तिचा जोरही वयाप्रमाणे आपोआप घटतो. सारख्या आकाराची, सारख्या अंतरावरची बेटं हमखास खोटी दिसतात.

अंतरंही तपासा. १,००० मीटरचं शिखर स्वच्छ हवेत सुमारे ११० किलोमीटरवरून दिसतं, त्यामुळे त्याहून जवळचं बेट ‘अज्ञात’ राहणार नाही (धुक्याचा मंत्र असेल तर गोष्ट वेगळी). ५ नॉट (ताशी सुमारे ९ किलोमीटर) वेगाचं शिडाचं जहाज दिवसरात्रीत साधारण २२० किलोमीटर जातं. उंच बेटांवर वाऱ्याकडच्या उताराला दाट जंगल द्या, आडोशाच्या बाजूला कोरडं माळरान.