‘डिलन’ हे नाव मुळात कुठलं आणि त्याचा अर्थ काय?

डिलन अस्सल वेल्श, म्हणजे ब्रिटनमधल्या वेल्सचं, नाव आहे. सहसा त्याची फोड ‘दी’ हा जोर देणारा उपसर्ग आणि ‘लानू’ म्हणजे समुद्राची भरती अशी करतात. म्हणून अर्थ झाला ‘मोठी लाट’, किंवा सरळ ‘सागरपुत्र’ म्हणा.

नावामागची गोष्ट मला अर्थापेक्षा जास्त आवडते. ‘माबिनोगी’ या मध्ययुगीन वेल्श कथांच्या चौथ्या शाखेत, म्हणजे भागात, अरियानरोड नावाची स्त्री जादूची कांडी ओलांडते आणि त्याच क्षणी तिला पिवळ्या केसांचा मुलगा होतो. ‘डिलन’ असं बारसं होतं न होतं तोच पोरगं थेट समुद्राकडे धावतं आणि माशासारखं पोहू लागतं. त्याच्याखाली म्हणे एकही लाट कधी फुटली नाही. पुढे मामा गोवानन याच्याच हातून तो मरतो. वेल्सच्या वायव्य किनाऱ्यावर ‘मायन डिलन’ नावाचा खडक आजही आहे.

इतकं असूनही हे नाव फारसं कुणी ठेवत नसे. 1914 मध्ये वेल्समधल्या स्वानसी शहरातल्या एका शिक्षकाने याच कथेतून ते उचलून मुलाला दिलं. तोच कवी डिलन थॉमस. वेल्श उच्चार ‘डलन’च्या जवळचा, म्हणजे आपला साधा ‘अ’. आईला धास्ती, की पोरं इंग्रजीत ‘डल’, म्हणजे मठ्ठ, म्हणून चिडवतील! कवीने स्वतः ‘डिलन’च पसंत केलं. पुढे अमेरिकन गायक रॉबर्ट झिमरमनचा बॉब डिलन झाला आणि नाव अमेरिकाभर पोचलं.