तारीख उलटलेला डबा खायचा का? आधी हे बघ

अरे, तारीख गेली म्हणून लगेच खाण्याचे सगळे सीलबंद पत्र्याचे डबे फेकू नकोस, आधी काय छापलंय ते वाच. 'बेस्ट बिफोर' असेल तर ती चव-रंगाची हमी असते, महिना-दोन महिने वर गेले आणि डबा धड असेल तर सहसा चालतं. पण 'एक्सपायरी' किंवा 'यूज बाय' असेल तर विषय संपला, खायचं नाही.

तारखेपेक्षा डबा महत्त्वाचा. हे दिसलं की सरळ फेक:
- फुगलेला किंवा गळका
- जोडावर पोचा किंवा खोल गंज
- उघडताना फस्स करून पाणी उडालं

आमच्या जुळे सोलापुरातल्या घरी पत्र्याखालच्या माळ्यावर अननसाचा डबा राहिला होता, मे महिन्यात आपल्याकडे पारा 43 ला जातो ते माहितीये ना, खाली काढला तर झाकण वर आलेलं, अंगठ्याने दाबलं की टक् करून आत जायचं न् परत वर. तारखेला अजून वेळ होता, तरी फेकला. म्हणून डबे खाली, गार कोपऱ्यात ठेव.

नवीन लोकांची सगळ्यात मोठी चूक म्हणजे "थोडं चाखून बघतो". असलं कधीच करू नको! बोट्युलिझमचं (बंद डब्यातल्या जंतूंमुळे होणारी जीवघेणी विषबाधा) विष असलं तरी वास-चव बदलेलच असं नाही आणि अगदी थोडंसंही जिवावर बेततं.

अननस, टोमॅटो आंबट म्हणून लवकर उतरतात, ते आधी संपव, मका-वाटाणा जास्त टिकतो. उघडल्यावर उरलेलं स्टीलच्या डब्यात काढून फ्रीजमध्ये ठेव, 3-4 दिवसांत संपव.