सेडानचं पोट प्रत्येक ब्रेकरला घासतं. स्पेसर टाकून गाडी उंच करून घेऊ का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: आठ वर्षांची सेडान, कागदावर ग्राउंड क्लिअरन्स १६५ मिमी, घर नागपुरात मनीषनगरच्या आतल्या गल्लीत. एकटे असता तेव्हा गाडी ठीक निघते. आई-बाबा, बायको आणि मुलगा बसले की गल्लीतल्या ब्रेकरला आणि घराच्या रॅम्पला खालून खर्रर्र. गॅरेजवाला म्हणतो, स्पेसर (स्प्रिंगपाशी बसवायची जाड चकती) टाका, गाडी इंचभर वर येईल.

आत्ता टाकू नका. आधी एक रविवार सकाळ काढा, घरातली मापपट्टी घ्या आणि पानठेल्यावरून चुन्याची एक पुडी आणा. दुसऱ्या कोणी लावण्याआधी आपणच आपल्या गाडीला चुना लावलेला बरा.

मी मेकॅनिक नाही. हिंगणा एमआयडीसीत २२ वर्षं तपासणी खात्यात काढली, त्यामुळे माप घेतल्याशिवाय बोलायचं नाही ही खोड लागलीय. माझीही सेडानच, २०१४ ची, व्हीलबेस (पुढच्या आणि मागच्या चाकांच्या मध्यांतलं अंतर) २६०० मिमी, टायर १८५/६० आर१५. तुमच्यासारखंच माझंही पोट घासत होतं (गाडीचं).

पहिल्यांदा तो १६५ चा आकडा. ग्राउंड क्लिअरन्स म्हणजे गाडीच्या मधल्या भागाचा सगळ्यात खालचा बिंदू जमिनीपासून किती वर आहे ते. आयएसओ ६१२ या मानकात मधला भाग म्हणजे दोन्ही बाजूंच्या चाकांच्या आतल्या कडांमधल्या अंतराचा ८० टक्के पट्टा. चाकालगतचे पार्ट त्या हिशेबात येत नाहीत. पुढच्या बंपरचा ओठ रॅम्पला लागतो की नाही, तेही त्यातून कळत नाही. शिवाय आपल्याकडच्या जाहिरातीतला आकडा बहुतेक वेळा रिकाम्या गाडीचा असतो. जुलै २०२३ मध्ये जीएसटी परिषदेने मोठ्या गाड्यांच्या सेससाठी १७० मिमीची अट स्पष्ट केली, तेव्हाही माप 'वजनाविना' धरायचं असंच ठरलं. म्हणजे सरकारदरबारी गाडी रिकामी आणि तुमच्या दारात पाच माणसांची. घोळ इथूनच सुरू होतो.

आता माप कसं घ्यायचं. सपाट जागा लागते. घरासमोरचा रस्ता पाण्याच्या उताराचा असतो, तो चालत नाही. एखाद्या अपार्टमेंटचं तळमजल्याचं पार्किंग किंवा पेट्रोलपंपाची हवा भरायची जागा बरी. सकाळी टायर थंड असताना ड्रायव्हरच्या दाराजवळच्या स्टिकरवर लिहिलीय तेवढी हवा भरा. नागपूरच्या मे महिन्यात दुपारी हवा तपासली तर मीटर दोन-चार पॉइंट जास्त दाखवतो, आणि मग पंपावरचा पोरगा ती काढून टाकतो. हवा कमी म्हणजे उंचीही कमी. त्याच स्टिकरवर भरलेल्या गाडीसाठी मागच्या टायरची हवा वेगळी, जास्त दिलेली असते. ती ओळ कोणीच वाचत नाही.

गाडीखाली डोकं घालायची गरज नाही, आणि नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली तर चुकूनही जाऊ नका. मी फरशीचे तुकडे एकावर एक रचून गाडीखाली सरकवत गेलो. अडकले की एक काढायचा आणि थर मोजायचा. सोबत आणखी एक माप घ्या: चाकाच्या मध्यापासून वर मडगार्डच्या कमानीपर्यंत, चारही बाजूंनी. यात टायर येत नाही, म्हणून स्प्रिंग किती बसल्या ते नेमकं याच मापात दिसतं.

माझं रिकाम्या गाडीचं माप निघालं १५८. मग घरच्यांना बसवलं. रामटेकला जायचंच होतं, त्यामुळे डिक्कीत डबे, सतरंजी, पाण्याची कॅन सगळं होतं. बायको म्हणाली, "गडावर जायचं आहे का वजनकाट्यावर?" पुन्हा फरशा सरकवल्या. १२४. चौतीस मिमी गेले, तेही गाडी उभी असताना. चालत्या गाडीत ब्रेकरवरून उतरताना स्प्रिंग आणखी दबतात, म्हणून बहुतेक वेळा आवाज ब्रेकर चढताना येत नाही, पुढची चाकं धप्पकन उतरली की येतो.

आता चुना. गाडी थंड असताना खालच्या संशयित जागांवर बोटाने पातळ चुना फासायचा: इंजिनखालचं गार्ड, पुढचा क्रॉसमेंबर, सायलेन्सरचा जोड, मधला डबा, मागचा बीम. एक्सलवरच्या रबरी कव्हरांना (बुटांना) आणि वायरींना लावू नका. मग नेहमीची माणसं घेऊन नेहमीच्याच ब्रेकरवरून एकदा जायचं, परत येऊन मोबाइलच्या टॉर्चने पाहायचं. जिथला चुना पुसला गेला तिथे घासतंय.

माझ्या गाडीचा चेंबर (इंजिनखालची ऑइलची टाकी), गार्ड, बीम सगळं पांढरं शुभ्र होतं. पुसला होता फक्त सायलेन्सरचा मधला डबा. ओळखीच्या मिस्त्रीकडे गाडी नेली. त्याने खर्रा घोटता घोटता वाकून पाहिलं आणि म्हणाला, "भाऊ, गाडी नाही बसली तुमची, सायलन्सर लोंबून राहिला." सायलेन्सर ज्या रबरांवर लटकतो, त्यातलं एक तुटलं होतं आणि दुसरं ताणून लांब झालं होतं. डबा मूळ जागेपासून चांगला दोन बोटं खाली आला होता. दोन रबरं बदलली, अर्धा आवाज तिथेच संपला. त्याआधी मी दोन ठिकाणी स्पेसरचा भाव विचारून आलो होतो, हे मिस्त्रीला सांगितलं नाही.

तुमच्याही गाडीत असलंच काही निघू शकतं. इंजिनखालच्या प्लास्टिकच्या कव्हरची एक क्लिप पडली की ते लोंबतं आणि आवाज असा करतं की चेंबरच फुटला. पण चुना खरोखर चेंबरवरून पुसला गेला असेल, तर ते प्रकरण गंभीर आहे. ऑइल गळतंय का ते आधी पाहा, बाकी सगळं नंतर.

उरलेला अर्धा आवाज स्प्रिंगचा होता. ऑफिसातल्या एकाकडे हेच मॉडेल आहे, चार वर्षांनी नवं. त्याच्या गाडीचं मागचं कमानीचं माप माझ्यापेक्षा २२ मिमी जास्त भरलं. दहा वर्षांत स्प्रिंग बसतातच. मागच्या दोन्ही नव्या टाकल्या, कंपनीच्या मापाच्याच, आणि १८ मिमी परत मिळाले. शॉकअप (शॉक अब्सॉर्बर) बदलून उंची वाढेल असं बरेच जण सांगतात. या साध्या गाड्यांत उंची धरून ठेवते ती स्प्रिंग, शॉकअप फक्त उसळी आवरतो. तो गेला असेल तर गाडी ब्रेकरनंतर डुलत राहते आणि त्या डुलण्यात घासते. तेवढ्यापुरता त्याचा संबंध.

आता ब्रेकरचं गणित, कारण यात गाडीचा दोष किती आणि गल्लीचा किती ते कळतं. इंडियन रोड्स काँग्रेसच्या आयआरसी ९९ नुसार गोल ब्रेकर ३.७ मीटर रुंद आणि १० सेंटिमीटर उंच असावा, ताशी २५ किमीने ओलांडता येईल असा. तो एवढा रुंद असतो की माझ्या गाडीची चारही चाकं एकाच वेळी त्याच्या पाठीवर मावतात. अशा वेळी चाकांच्या रेषेपासून ब्रेकरचा मधला फुगवटा भरतो जेमतेम ५ सेंटिमीटर. पाच माणसं बसवूनही माझ्याकडे १२ आहेत, म्हणजे घासायचं कारणच नाही. आणि आपल्या गल्लीतला? कोणीतरी घर बांधताना उरलेल्या सिमेंटचा घातलेला, दोन फूट रुंद, सहा इंच उंच वरवंटा. पुढची चाकं पलीकडे सपाटीवर, मागची अलीकडे सपाटीवर, आणि मध्ये पोटाखाली पूर्णच्या पूर्ण १५ सेंटिमीटर. त्याला १७९ मिमीवाली नवी सेडान आणली तरी माणसं बसल्यावर तिचंही तेच होणार.

रॅम्पचंही असंच. नागपुरात सिमेंट रोड झाले आणि कित्येकांची घरं रस्त्याच्या खाली गेली. माझ्या फाटकाशी फरक दीड फुटाचा आणि रॅम्प सहा फुटांचा. ४५ सेंटिमीटर चढ १८० सेंटिमीटरमध्ये, म्हणजे कोन १४ अंश. व्हीलबेस २६०० आणि क्लिअरन्स १५८ धरला तर ढोबळ हिशेबाने गाडी मधोमध १४ अंशांपर्यंतचाच उंचवटा ओलांडू शकते. १२४ ला तो कोन ११ वर येतो. एकटा असताना कशीबशी निघणारी गाडी सगळे बसले की का अडते, याचं उत्तर हेच. गवंड्याला बोलावून रॅम्प फाटकाच्या आतल्या बाजूने दहा फुटांपर्यंत लांबवला, कोन साडेआठवर आला. आत जागा नसेल तर रॅम्प जिथे रस्त्याला मिळतो तिथली धारदार कड फोडून दोन घमेली मालाने गोल करून घेतली तरी फरक पडतो. रस्त्यावर मात्र चढवू नका, ते अतिक्रमण होतं आणि पावसाचं पाणी शेजाऱ्याकडे जातं. भांडण वेगळं.

एवढं करूनही घासत असेल तर मग उंची वाढवायचे उपाय, माझ्या पसंतीच्या क्रमाने.

टायर. तसेही बदलायला आले असतील तर १८५/६० ऐवजी १८५/६५ (दुसरा आकडा टायरच्या बाजूच्या उंचीची टक्केवारी) घेतल्यास गाडी ९ मिमी वर येते. बाहेरचा व्यास ३ टक्के वाढतो, त्यामुळे खरा वेग मीटरवर आधीपेक्षा तेवढाच कमी दिसतो. समृद्धीवर १२० च्या मर्यादेला टेकून चालवत असाल तर लक्षात ठेवा. स्टेअरिंग पूर्ण वळवून, माणसं बसवून टायर आत कुठे लागत नाही ना ते दुकानातच पाहा. लोड इंडेक्स, म्हणजे टायर किती वजन पेलतो तो आकडा, मूळपेक्षा कमी घ्यायचा नाही. ३ टक्क्यांच्या पुढे मी जाणार नाही. मी हे केलं आणि समाधानी आहे.

स्प्रिंगच्या वेढ्यांत अडकवायचे रबरी बफर, ज्यांना दुकानात डोनटही म्हणतात. हे मी मागे लावून पाहिले, सहा महिन्यांत काढले. भरलेली गाडी कमी दबते हे खरं, पण रिकाम्या गाडीत मागे बसणाऱ्याच्या कमरेची वाट लागते. वडिलांनी तर मागे बसायचंच सोडलं. स्प्रिंगचा एक वेढा काम करेनासा होतो आणि त्याचा ताण बाकीच्यांवर जातो.

स्पेसर. पुढच्या स्ट्रटला (स्प्रिंग आणि शॉकअपच्या जोडीला) २० मिमीचा टाकला तर गाडी साधारण तेवढीच वर येते, गॅरेजवाला त्यात खोटं बोलत नाही. पण तो कुठे बसवणार ते विचारा. स्प्रिंग आणि तिच्या बैठकीच्या मध्ये बसवला, तर चाकाला खाली जायला उरलेली जागा तेवढी कमी होते. माझ्या मावसभावाच्या गाडीत असंच केलंय. ब्रेकरवरून उतरताना आतून ठक् असा आवाज येतो आणि त्याला तो आता ऐकूच येत नाही, इतकी सवय झालीय. स्ट्रटच्या डोक्यावर, बॉडीच्या खाली बसवला तर हा ठक् येत नाही, मात्र चाक पूर्ण लटकलं की एक्सलचा कोन वाढतो आणि ब्रेकचा पाइप ताणला जातो. दोन्हीत अलाइनमेंट पुन्हा करावं लागतं. फक्त पुढे टाकला तर हेडलाइट समोरच्याच्या डोळ्यांत जातात, ते खाली करून घ्यावे लागतात. आणि गाडीचा तोल वर सरकतो, हे वळणावर आणि हायवेवर बाजूच्या वाऱ्यात जाणवतं.

कायद्याचंही बघा. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ ने गाडीत मनमानी बदल करायला बंदी आहे, जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ते ठामपणे सांगितलं. कलम १८२ए प्रमाणे परवानगी नसलेल्या प्रत्येक बदलाला ५,००० रुपये दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही होऊ शकतं. चौकात कोणी स्ट्रट उघडून पाहणार नाही, मान्य. अपघातानंतर विम्याचा सर्व्हेअर मात्र पाहतो.

चालवण्यातली एक गोष्ट राहिली. बहुतेक लोक ब्रेक दाबूनच ब्रेकरवर चढतात. ब्रेक दाबला की गाडीचं नाक खाली जातं, म्हणजे नेमक्या वेळी आपणच उंची घालवतो. वेग आधीच चालण्याइतका कमी करा, चाक टेकायच्या क्षणी ब्रेक सोडा आणि पुढची चाकं धप्पकन पडू नयेत म्हणून ती उतरताना पुन्हा हलका धरा. त्या सिमेंटच्या वरवंट्यावर मागच्या दोघांना उतरवून पलीकडे बसवा. माझी आई हल्ली न सांगता दार उघडते.

चुना लावून पाहिलात की कुठला पुसला ते इथेच लिहा, सोबत रिकाम्या आणि भरलेल्या गाडीचं माप. कमानीची चारही मापं दिलीत तर स्प्रिंगचंही सांगता येईल.