वाचक विचारतात : ओव्हलचा तो पाद्री

प्रश्न : वडील सांगायचे, १९५२ साली ओव्हलवर एका इंग्रज पाद्रीने भारताविरुद्ध शतक ठोकलं. खरं का? मुलगा कॉलेजकडून खेळतो आणि पुढे राशोलच्या सेमिनरीत (पाद्री घडवणाऱ्या विद्यालयात) जायचं म्हणतो. त्याला असं दोन्ही जमेल का? — एक वाचक, म्हापसा

उत्तर : शतक खरं, पण पाद्री अजून व्हायचा होता. डेव्हिड शेपर्ड तेव्हा २३ वर्षांचे, केंब्रिजचे विद्यार्थी आणि विद्यापीठाचे कर्णधार. त्यांनी ११९ केल्या, भारत ९८त आटोपला आणि पावसाने आपल्याला वाचवलं.

केंब्रिजचे कौंटी संघांशी होणारे सामने त्या काळी प्रथम श्रेणीचे धरत. म्हणजे परीक्षेच्या दिवसांत पोरगा कौंटीच्या पक्क्या गोलंदाजांपुढे उभा, आणि धावा थेट राष्ट्रीय सरासरीत. आपल्या रोहिंटन बारिया या आंतरविद्यापीठ स्पर्धेतल्या धावा निवड समिती बघते, पण त्या रणजीच्या हिशेबात येत नाहीत. वाट इथेच वेगळी होते.

१९५३ला शेपर्डनी ससेक्स कौंटीचं कर्णधारपद सांभाळलं, मग केंब्रिजच्या रिडली हॉल या धर्मशिक्षण संस्थेत पाद्री होण्याचं शिक्षण. ते चालू असतानाच १९५४ला पाकिस्तानविरुद्ध दोन कसोटींत इंग्लंडचं नेतृत्व केलं. १९५५ला दीक्षा. दीक्षित पाद्री म्हणून खेळलेले ते पहिले कसोटीपटू. १९५६ला ओल्ड ट्रॅफर्डवर ऑस्ट्रेलियाविरुद्ध त्यांनी ११३ केल्या, पण त्याच सामन्यात इंग्लंडच्याच जिम लेकरने १९ बळी घेतले, मग शतक कोण लक्षात ठेवतो!

हे निभावलं ते रविवारमुळे. तेव्हा इंग्लंडमध्ये रविवारी कसोटीला सुट्टी असायची.

सराव तुटला की आधी काय जातं, तेही त्यांच्याकडेच दिसतं. १९६२-६३च्या मेलबर्न कसोटीत पहिल्या डावात शून्य, दुसऱ्यात ११३ आणि विजय. पण त्या दौऱ्यात झेल मात्र सुटत राहिले. फलंदाजी नेटमध्ये महिनाभरात परत येते. हातांना मात्र रोज चेंडू लागतो.

आता तुमच्या मुलाचं. शेपर्ड अँग्लिकन, म्हणजे इंग्लंडच्या चर्चचे, त्यांचं धर्मशिक्षण दोनेक वर्षांत झालं आणि १९५७ला लग्नही. कॅथोलिक नियमात तत्त्वज्ञान व ईशज्ञानाची मिळून किमान ६ वर्षं, आणि गुरुदीक्षेला वयाची किमान २५ पूर्ण लागतात. आंतरविद्यापीठ स्पर्धेची वयोमर्यादाही २५च. म्हणून पदवी आणि विद्यापीठाचं क्रिकेट आधी उरकू द्या, सेमिनरी नंतर. उलट केलं तर खेळायची वर्षं अभ्यासातच जातील. दीक्षेनंतर नेमणूक बिशप ठरवणार, गाव कुठलंही मिळू शकतं. आणि रणजीचा साखळी सामना चार दिवसांचा. रविवार मध्ये आला की सकाळची मिस्सा (चर्चमधली प्रार्थना) आणि पहिलं सत्र एकमेकांवर आदळतात.